चंद्रावरचा लाल धूर
आज सुट्टी होती म्हणून दुपारी लॅपटॉपवर फ्रेंच दिग्दर्शक मेलिएसची १९०२ची मूकफिल्म 'अ ट्रिप टू द मून' पुन्हा लावली, पण या वेळी रंगीत कॉपी, आणि चौदा-पंधरा मिनिटांच्या फिल्मला मला चक्क दोन तास लागले कारण सारखं पॉज करून एकेक फ्रेम बघत बसलो. चंद्रावरचे ते लोक छत्रीचा फटका बसला की फट्कन धूर होऊन गायब होतात ना, तिथे कॅमेरा थांबवायचा, नटाला बाजूला करायचं, धूर सोडायचा आणि परत शूटिंग सुरू, मग फिल्म नीट कापून जोडायची. कळलं तरी मजा कमी होत नाही हो!

पण खरा जीव अडकला तो रंगात. पॅरिसमध्ये एलिझाबेथ थुइलिए नावाच्या बाईंचं वर्कशॉप होतं, तिथे दोनशेच्या वर बायका बारीक ब्रशने फिल्मवर रंग भरायच्या, प्रत्येकीला एकच रंग. फ्रेम जेमतेम अडीच सेंटीमीटर रुंद! माझी आई साडीवर फॅब्रिक पेंटिंग करायची, एका पाकळीला श्वास रोखून धरायची, तीच आठवली. पॉज केल्यावर रंग रेषेबाहेर गेलेला दिसतो, पुढच्या फ्रेममध्ये थोडा सरकतो, म्हणून धूर जिवंत वाटतो.

ही रंगीत कॉपी १९९३ मध्ये बार्सिलोनाला सापडली, रीळ पार चिकटून गेलेलं, ते सोडवून, दुरुस्त करून २०११ ला कान्स फिल्म महोत्सवात दाखवली. त्या बायकांपैकी बहुतेकींची नावं कुठेच नाहीत, याचं फार वाईट वाटतंय.