अबोल, तोना, बरका

रविवारी दुपारी इथिओपियावरचा बारा मिनिटांचा एक माहितीपट पाहण्यात आला. एवढ्या वेळात अख्खा देश दाखवायचा म्हटल्यावर दिग्दर्शकाची धांदल उडणारच. वेरूळच्या कैलासासारखी वरून खाली कोरत आणलेली लालिबेलाची अकरा चर्च अर्ध्या मिनिटात उरकली, आणि टेफच्या आंबवलेल्या पिठाची भलीमोठी इंजेरा ताटात पडते न पडते तोच दृश्य बदलले. (आपल्या आंबोळीची ही थोरली बहीण नीट पाहायला मिळाली नाही, याची चुटपुट मला अजून आहे.)

कॉफीपाशी मात्र कॅमेरा जरा रेंगाळला. जमिनीवर हिरवे गवत पसरलेले होते. कोळशाच्या शेगडीपुढे बुटक्या स्टुलावर बसलेली गृहिणी धुतलेल्या हिरवट बिया तव्यावर परतत होती. त्या काळसर होऊन तुकतुकू लागल्यावर तिने तो धुमसता तवा पाहुण्यांपुढे फिरवला, आणि आपण आरती घ्यावी तसा प्रत्येकाने तो धूर हाताने स्वतःकडे ओढून घेतला. मग उखळात कुटणे झाले आणि जेबेना नावाच्या, लांब मानेच्या मातीच्या सुरईत कॉफी उकळू लागली. त्याच चोथ्यावर पुन्हा पाणी घालत तीन फेऱ्या होतात आणि प्रत्येक फेरी आधीच्यापेक्षा फिकी असते. पहिलीचे नाव अबोल. मराठी कानाला हे नाव गप्प बसायला सांगते, पण गप्पांना सुरुवात नेमकी तिथेच होते. दुसरी तोना, आणि तिसरी बरका, म्हणजे आशीर्वाद. तिचे आणि आपल्या ‘बरकती’चे मूळ एकच, अरबी. त्यामुळे बरका घेतल्याशिवाय उठणे बरे दिसत नाही.

तिथे दिवसाचे तास सकाळी सहापासून मोजतात, म्हणजे आपल्या घड्याळात सात वाजतात तेव्हा त्यांचा एक वाजतो, असे निवेदकाने मोठ्या नवलाने सांगितले. ‘दिवस कासराभर वर आला’ एवढ्यावर वेळ सांगणाऱ्या माझ्या आजीला त्याचे काही विशेष वाटले नसते.

तिन्ही फेऱ्या मिळून पडद्यावर चाळीस सेकंदांत आटोपल्या होत्या. मी तेवढा भाग मागे नेऊन पुन्हा पाहिला. अबोलच्या वेळी दारातून आलेले ऊन शेगडीच्या पायाशी, गवतावर पडलेले होते. बरकाचे बिनकानाचे कप भरले जात होते तेव्हा ते समोरच्या भिंतीवर, टांगलेल्या टोपलीपर्यंत चढले होते.