अवेळ खोऱ्याचा हिशेब : माझा अनुभव

वेळ वेडीवाकडी चालणारी जागा कथेसाठी रचत असाल, तर हिशेबाच्या तक्त्यातला तारखेचा रकाना आधी पुसून टाका. बाकीचं सावकाश सांगतो.

सातपुड्यात, यावल आणि शिरपूरच्या मधे कुठेतरी, वेळ मनाला येईल तशी चालते असं एक खोरं मला दीर्घकथेसाठी रचायचं होतं. नाव ‘अवेळ’. नकाशा, पायवाटा, पाड्यांची नावं, देवाचं ठाणं आठवड्याभरात झालं. त्यात सांगण्यासारखं काही नाही. अडलो ते कोण कधी आत गेला आणि कधी बाहेर आला हे मांडताना. चार महिने एक प्रकरण पुढे सरकलं नाही.

कथेचा एक पाय १८९९ च्या छप्पन्याच्या दुष्काळात, दुसरा आजच्या रावेरात. म्हणून संगणकावर सरळ तक्ता केला : प्रसंग, बाहेरची तारीख, आतली तारीख, वय. एक्सेलची दिनदर्शिका १ जानेवारी १९०० ला सुरू होते. १८९९ लिहिलं की ती त्याला तारीख मानतच नाही, नुसती अक्षरं समजते, म्हणजे वजाबाकी बंद. बरं, १९०० पासून धरावं तर तिच्यात २९ फेब्रुवारी १९०० हा दिवस आहे. ते लीप वर्षच नव्हतं! जो दिवस कधी उगवला नाही तो मोजणारं यंत्र घेऊन मी वेळेचे घोटाळे निस्तरायला बसलो होतो. त्यात माणूस आत जाण्याआधीच बाहेर आला असं दाखवायचं तर उत्तर उणे येतं, आणि तिथे रकानाभर नुसती जाळी (#####) उमटते.

मग म्हटलं, पंचांग वापरू. गावातली माणसं तरी तिथीनेच बोलतात. तिथे दुसरी गाठ बसली. एक तिथी कधी वीस तासांच्या आसपास, कधी सव्वीसच्या, त्यामुळे कधी तिचा क्षय होतो (ती गळते), कधी वृद्धी (दोन दिवस तीच). ‘पुढच्या नागपंचमीला येतो’ म्हणणारा माणूस किती दिवसांनी येणार? २०२२ ची नागपंचमी २ ऑगस्टला होती, २०२३ ला अधिक श्रावणामुळे २१ ऑगस्टला गेली : ३८४ दिवस. तिथून २०२४ ची, ९ ऑगस्टची, ३५४ दिवसांवर. म्हणजे खोऱ्याबाहेरचं वर्षही महिन्याभराने लांबतं-आखडतं, आणि हे मी कुठेच धरलं नव्हतं.

सर्वांत वाईट फसलो ते महिन्याच्या नावात. शिरपूरहून पळासनेर, बिजासन घाट, सेंधवा ही वाट वद्य पक्षात धरली की श्रावण इकडेच राहतो आणि पलीकडे मध्य प्रदेशात भाद्रपद लागतो. आपला महिना अमावस्येला संपतो, तिकडचा पौर्णिमेला. तिथी तीच, पक्ष तोच, नाव पुढचं. माझा एक गाडीवान जादूबिदू काही नसताना महिनाभर पुढे उडाला होता, आणि वाचणाऱ्याने ती खोऱ्याचीच करामत धरली असती.

घड्याळाच्या वेळेला तर शिवूच नका. भारतीय प्रमाणवेळ १ जानेवारी १९०६ ची. त्याआधी मुंबईची वेळ वेगळी, रेल्वे मद्रासची वेळ पाळायची, आणि गावचा सूर्य तिसराच. नंदुरबारचा सूर्य आजच्या घड्याळाच्या साधारण ३३ मिनिटं मागे, भुसावळचा २७. ‘सकाळी’, ‘दिवेलागणीला’ एवढं पुरतं.

सुटका झाली ती अहर्गणाने. जुने ज्योतिषी महिने-वर्षांच्या भानगडीत न पडता एका ठरवलेल्या दिवसापासून नुसते दिवस मोजत नेत, तो अहर्गण. भास्कराचार्यांचे ग्रंथ शिकवायला त्यांच्या नातवाने मठ काढला, त्याचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटणला आहे. त्याच मुलखात राहून हे सुचायला मला चार महिने लागावेत!

पद्धत अशी. कथेच्या सुरुवातीच्या आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) दिवस १ म्हणा. प्रत्येक माणसाला दोन आकडे द्या : बाहेरचा दिवस आणि अंगावरचा दिवस, म्हणजे त्याने स्वतः काढलेले दिवस. समजा, खोऱ्यातला एक दिवस म्हणजे बाहेरचे ३०. माणूस २१२ ला आत गेला, तीन दिवस राहिला. बाहेर आला तेव्हा बाहेर ३०२, अंगावर २१५. पुढच्या साली दर उलटला, आतले ३० म्हणजे बाहेरचा एक. तोच माणूस ४०२ ला आत गेला (अंगावर ३१५) आणि ६० दिवस राहिला, तर बाहेर ४०४, अंगावर ३७५. दाढी, भूक, वय अंगावरच्या आकड्याने. पीक, कर्ज, लग्नं बाहेरच्या. बाहेर दोघे भेटले की दोघांचा बाहेरचा आकडा एकच हवा. तो जुळला नाही तर चूक तिथेच धरायची, पुढे लिहायचं नाही. तिथी आणि सण अगदी शेवटी, आकड्यांवरून बसवा.

दर ठरवायला दोन फासे. ३६ पैकी १६ वेळा बेरीज ६, ७ किंवा ८ येते, तेव्हा खोरं बाहेरच्यासारखंच चालू द्या. २ आणि १२ प्रत्येकी एकदाच येतात. टोकाचे दर त्यांना ठेवा. फासे प्रसंग लिहिण्याआधी टाका. नंतर टाकले की आपण आपल्या सोयीचं दान धरतो.

आणि माणसागणिक टाकू नका. मी टाकले होते. दोघे भाऊ एकत्र आत शिरले, एकाला २ पडले, दुसऱ्याला १२. एकाचं ‘चाल रे भो’ संपेपर्यंत दुसऱ्याच्या अंगावरून पाव-अर्धा तास गेला असता. दर खोऱ्याचा, सालदारासारखा (वर्षाच्या बोलीवर ठेवलेल्या गड्यासारखा) : आखाजीला ठरला की पुढच्या आखाजीपर्यंत तोच.

किती काळ गेला हे वाचणाऱ्याला आकड्यात सांगावं लागत नाही. रावेरच्या भागात केळी आहेच. वाढीच्या दिवसांत तिला साधारण सात ते दहा दिवसांनी एक पान येतं. तीन दिवसांनी परतलेल्या माणसाला बांधावरच्या मृगबागेत (मृगात लावलेल्या केळीत) दहा-बारा पानं जास्त दिसली की काम झालं.

खोऱ्याच्या तोंडाशी धुकं मात्र हवंच. आतली वेळ तीसपट मंद असेल तर बाहेरचा उजेड आतल्या डोळ्यांना तीसपट आखूड तरंगांचा होऊन पोचेल, म्हणजे दिसणारच नाही. ‘आतून बाहेरची शेतं दिसत होती’ हे माझं लाडकं वाक्य असंच कापावं लागलं.

नदीचं राहिलंच. अनेरसारखी नदी हद्दीतून आरपार नेऊ नका. मंद दर असताना बाहेरचं महिन्याभराचं पाणी आत एका दिवसात घुसतं आणि पाडे वाहून जातात. उलट्या दराला आत महिनाभर कोरड. खोऱ्याचं पाणी खोऱ्यातच, एखाद्या कुंडात जिरवा. माझ्या नकाशावर ती नदी अजून खोडलेली दिसते.