पलंगावर बसलेली ती मोलकरीण

मी हौशी रंगभूमीवर कामं करते, जमेल तशा एकांकिका लिहिते. त्यामुळे लिहिणाऱ्या नट्यांबद्दल मला फार जिव्हाळा आहे, आणि त्यांत सगळ्यांत वर मार्गारेथे फॉन ट्रोटा. जग तिला दिग्दर्शिका म्हणून ओळखतं. मी मात्र तिच्या नटीपणापासून सुरुवात करते.

जन्म 1942 चा, बर्लिनचा. आई मॉस्कोत जन्मलेली, रशियन क्रांतीनंतर सगळं गमावलेल्या खानदानी घरातली. पहिलं लग्न होईपर्यंत मार्गारेथेला कुठल्याच देशाचं नागरिकत्व नव्हतं. तरुणपणी पॅरिसमध्ये स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनचा 'द सेव्हन्थ सील' पाहिला आणि आपण सिनेमा करायचा हे तिनं मनाशी पक्कं केलं. पण त्या काळच्या जर्मनीत दिग्दर्शन करायला बाईला कोण देणार? म्हणून ती अभिनयाकडे वळली.

जर्मन दिग्दर्शक फासबिंडरच्या 'द अमेरिकन सोल्जर' या सिनेमात (1970) ती हॉटेलातली मोलकरीण आहे. पलंगाच्या कडेला बसून ती एक गोष्ट सांगते. हॅम्बुर्गमधली एमी नावाची सफाई कामगार बाई, तिनं वयानं लहान अशा परदेशी कामगाराशी, अलीशी, केलेलं लग्न, आणि पुढे तिचा झालेला खून. तिच्या मागेच नायक आणि त्याची मैत्रीण एकमेकांत गुंतलेले, ही आपली सांगतेय. फासबिंडरनं पुढे 1974 मध्ये याच गोष्टीवर, शेवट बदलून, अख्खा सिनेमा केला. इतक्या छोट्या कामात गोष्ट सांगणारी बाई म्हणून ती जी बसलीय ना, ती मला पुढच्या सगळ्या पटकथांमध्ये दिसत राहते.

1971 मध्ये तिनं दिग्दर्शक फोल्कर श्ल्योंडोर्फशी लग्न केलं आणि त्याच्यासोबत लिहायला लागली. 'श्ट्रोफॉयर' (1972) दोघांनी मिळून लिहिला. घटस्फोट घेतलेली एलिझाबेथ नोकरी शोधतेय, मुलाचा ताबा मिळावा म्हणून झगडतेय. ही भूमिका तिनंच केली. तिचाही आधी घटस्फोट झालेला, तिलाही पहिल्या लग्नाचा मुलगा. स्वतः लिहिलेलं स्वतः बोलताना कुठे लपायला जागा उरत नाही, हे मी एकांकिकांमुळे जाणून आहे. म्हणून हा सिनेमा मला तिच्या गाजलेल्या सिनेमांपेक्षा धाडसी वाटतो. 'डेर फांगशुस'मध्येही (1976) नायिकेची भूमिका आणि पटकथेत वाटा, दोन्ही तिचं. त्यानंतर ती कॅमेऱ्यासमोरून जवळजवळ बाजूलाच झाली.

मग इतर नट्यांसाठी लिहिणं सुरू झालं. तिच्या 'डी ब्लायर्ने त्साइट'ला 1981 मध्ये व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, मिळाला. त्यामागे गुड्रुन एन्सलिन आणि तिच्या बहिणीची खरी कहाणी आहे. गुड्रुन सशस्त्र गटात गेलेली, 1977 मध्ये तुरुंगात मेलेली. सिनेमात युटा लाम्पे ही पत्रकार बहीण, बार्बरा सुकोवा तुरुंगातली. एका भेटीत दोघी पहारेकऱ्यांदेखत अंगातले स्वेटर भराभर उतरवून एकमेकींचे चढवतात. भांडण मिटलेलं नाही, मतं जुळलेली नाहीत, तरी हे. पुढे दोघींमध्ये काच येते आणि तिच्यातल्या प्रतिबिंबात एकीचा चेहरा दुसरीच्या चेहऱ्यावर पडतो. स्वेटरची अदलाबदल नटीच्या हातात काहीतरी करायला देते, आणि असं लिहिणं अंगानं अभिनय केलेल्यालाच जमतं असं मला मनापासून वाटतं.

समाजवादी क्रांतिकारक बाईवरच्या 'रोझा लुक्सेम्बुर्ग'साठी सुकोवाला 1986 मध्ये कान चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. 2012 च्या 'हाना आरेन्ट'मध्येही तीच, आइखमनच्या खटल्यावर लिहिणाऱ्या तत्त्वचिंतक हानाच्या भूमिकेत. पॅम कॅट्झसोबत लिहिलेल्या त्या सिनेमात नाझी अधिकारी आइखमनची भूमिका कुणालाच दिलेली नाही. 1961 च्या खटल्याचं खरं चित्रीकरण वापरलंय. आइखमन तिथे काचेच्या पिंजऱ्यात बसलेला, तोंड वेडावाकडं करत, कागद चाळत. नट घेतला असता तर आपण त्याच्या अभिनयाला दाद देत बसलो असतो. नट्यांसाठी आयुष्यभर भूमिका लिहिणाऱ्या बाईनं ही एक भूमिका लिहिलीच नाही, याचं मला भारी कौतुक आहे.