प्लेनाइटमध्ये लावलेली माझी गेमची यादी

माझ्याकडे कॉम्प्युटरवरचे सातशेच्या वर गेम आहेत आणि ते सात ऑनलाइन दुकानांच्या ॲपांत पसरलेत. सगळ्यात जास्त स्टीमवर, खालोखाल एपिकवर, मग जीओजी, युबिसॉफ्ट कनेक्ट, ईएचं ॲप, ॲमेझॉन गेम्स आणि एक्सबॉक्स. कपाटातल्या सीड्या वेगळ्याच. यातले निम्मे तरी फुकट मिळालेले आहेत. एपिकने डिसेंबर २०१८ मध्ये दुकान थाटलं आणि तेव्हापासून नेमाने गेम वाटले. मे २०२० मध्ये, सगळे घरात अडकलेले असताना, त्यांनी एका आठवड्यात जीटीए ५ दिला आणि पुढच्याच आठवड्यात सिव्हिलायझेशन ६. प्राइमची वर्गणी भरणाऱ्यांना ॲमेझॉनही गेम देतं. त्यातले काही त्यांच्या स्वतःच्या ॲपमध्ये येतात, काहींचे कोड मिळतात आणि ते जीओजीवर किंवा एपिकवर जाऊन टाकायचे असतात. एकाच हाताने दिलेले गेमसुद्धा तीन घरी जाऊन बसतात.

मी साताऱ्यात एका कॉलेजच्या ग्रंथालयात काम करते. दाखल नोंदवही, वर्गांक, विषयशीर्षकं हे माझं रोजचं काम, त्यामुळे हा पसारा मला जरा जास्तच खुपतो. पुस्तकं कुठल्या विक्रेत्याकडून आली यावरून कोणी कपाटं लावत नाही. विक्रेत्याचं नाव आणि बिल नंबर दाखल नोंदवहीत जातो आणि तिथेच राहतो. वाचकाला पुस्तक मिळतं ते नावावरून, लेखकावरून, विषयावरून. गेमच्या बाबतीत मात्र विक्रेत्याच्या नावाचं कपाट आपण सगळ्यांनी मुकाट्याने मान्य करून टाकलंय. मला ते मान्य नाही, म्हणून मी सगळ्या दुकानांतले गेम प्लेनाइट या प्रोग्रॅममध्ये एका यादीत लावले, आणि त्यावरच ही पोस्ट.

हे असं होण्याचं कारण पैशात आहे. स्टीम सप्टेंबर २००३ मध्ये आलं, आणि नोव्हेंबर २००४ मध्ये हाफ-लाइफ २ आला तेव्हा दुकानातून डबा विकत आणला तरी स्टीम घालावंच लागत होतं. पुढे स्टीम हेच मोठं दुकान झालं आणि दुसऱ्यांच्या गेमच्या विक्रीतून ३० टक्के घेऊ लागलं. मोठ्या कंपन्यांना तो वाटा द्यायचा नव्हता. ईएने २०११ मध्ये ओरिजिन (आताचं ईएचं ॲप) काढलं, युबिसॉफ्टने यूप्ले (आताचं युबिसॉफ्ट कनेक्ट) काढलं, आणि एपिक तर १२ टक्केच घेऊ असं सांगत मैदानात उतरलं. खेळणाऱ्याच्या सोयीचा विचार यात कुठेच नव्हता.

एकत्र यादी करायचे मार्ग बरेच आहेत. स्टीममध्ये बाहेरचा गेम जोडता येतो, पण त्यात शॉर्टकटपलीकडे फारसं काही मिळत नाही. जीओजीचं गॅलेक्सी २.० हे २०१९ मध्ये नेमकं याच कामासाठी आलं आणि दिसायला फार देखणं आहे. पण ते पुन्हा एका दुकानाचंच ॲप, आणि माझी यादी दुकानदाराच्या घरात नको, हे माझं पहिल्यापासून ठरलेलं. बंगळूरला असलेला माझा धाकटा भाऊ स्टीम डेकवर, म्हणजे स्टीमच्या हातात धरायच्या लिनक्सवाल्या मशीनवर, हिरोइक नावाचा असाच प्रोग्रॅम वापरतो. लिनक्सवाल्यांसाठी ते उत्तम आहे, एपिक, जीओजी आणि ॲमेझॉन तिन्ही त्यात येतात. माझ्याकडे विंडोज, म्हणून मी प्लेनाइट घेतलं. ते फुकट आहे, त्याचा सोर्स कोड सगळ्यांसाठी उघडा आहे, खातं उघडावं लागत नाही आणि सगळी यादी आपल्याच डिस्कवर राहते.

सुरुवात सोपी आहे. ते विचारतं, कुठली कुठली दुकानं जोडायची. एकेका दुकानात लॉग-इन केलं की तिथली यादी आत येते, गेम इन्स्टॉल केलेला असो वा नसो. अर्ध्या तासात सातशे चित्रं पडद्यावर. बरेच जण इथेच थांबतात, आणि महिन्याभराने म्हणतात की याचा काही उपयोग नाही. बरोबरच आहे. गाडीतून उतरवलेले गठ्ठे हॉलमध्ये आणून ठेवले म्हणजे ग्रंथालय होत नाही. खरं काम यापुढे.

आधी नावं. दुकानं नावं देतात ती जाहिरातीच्या हिशेबाने. सिव्हिलायझेशनच्या आधी 'सिड मायर्स' लागतं, म्हणून तो 'एस'मध्ये जातो. विचर आणि एल्डर स्क्रोल्स 'द'मुळे 'टी'मध्ये. फायनल फँटसीचे भाग रोमन आकड्यांत, त्यामुळे अकारविल्हे लावले की नववा भाग सहाव्याच्या आधी येतो. प्लेनाइटमध्ये यासाठी क्रमवारीच्या नावाचा वेगळा रकाना आहे. पडद्यावर नाव मूळचंच दिसतं, पण गेम लागतो तो त्या रकान्याप्रमाणे. 'द' काढणं आणि रोमन आकडे बदलणं ते आपणहून करतं, बाकीचं हाताने. असॅसिन्स क्रीडचंच बघा. नंतरच्या भागांना आकडेच नाहीत. ओरिजिन्स २०१७ चा, ओडिसी २०१८ चा, वलहाला २०२० चा. अक्षरांप्रमाणे ओडिसी आधी येतो आणि ज्याच्यापासून नवी मांडणी सुरू झाली तो ओरिजिन्स मागे पडतो. मी क्रमवारीच्या नावात मालिकेचं नाव, मग साल, मग भागाचं नाव असं लिहिते. आता पूर्ण मालिका एका ओळीत, आली त्या क्रमाने उभी असते. हे करताना मला जे समाधान मिळतं ते मी कोणाला समजावून सांगू शकत नाही, पण ज्यांनी कधी तालिका केली आहे त्यांना कळेल.

मग प्रकार. माहिती वेगवेगळ्या ठिकाणांहून येते, काही दुकानाकडून, काही आयजीडीबी या मोठ्या माहितीसाठ्यातून. एकजण 'आरपीजी' म्हणतो, दुसरा 'रोल-प्लेइंग', तिसरा दोन्ही लिहून मधे कंस घालतो. फिल्टर उघडला की एकच प्रकार तीनदा दिसतो आणि एक निवडला की बाकीच्या दोहोंतले गेम गायब. एका विषयाला एकच शीर्षक, हा आमच्या धंद्यातला पहिला नियम. लायब्ररी मॅनेजर नावाची खिडकी आहे, तिथे ही शीर्षकं बदलता येतात. मी दहा-बाराच प्रकार ठेवलेत. त्याहून जास्त ठेवले तर निवडायला मदत होत नाही.

एकच गेम दोन दुकानांत असला तर कुठली प्रत समोर ठेवायची, हा सगळ्यात विचार करायला लावणारा भाग. सिव्हिलायझेशन ६ माझ्याकडे स्टीमवर विकत घेतलेला आहे आणि एपिकवर फुकटातला. दोन्ही सारखेच दिसतात, पण तसं नाही. स्टीमवर घेतलेले वाढीव भाग एपिकच्या प्रतीला लागत नाहीत, ते ज्या दुकानातून घेतले त्याच दुकानाच्या प्रतीवर चालतात. स्टीमच्या वर्कशॉपमधले मॉडही, म्हणजे खेळणाऱ्यांनीच बनवलेले बदल, स्टीमच्याच प्रतीला. म्हणून तिथे स्टीमची प्रत समोर. विचर ३ च्या बाबतीत मात्र मी जीओजीची प्रत ठेवली, कारण तिला नक्कल रोखणारं कुलूप नाही. इन्स्टॉलर उतरवून बाहेरच्या हार्ड डिस्कवर ठेवला की इंटरनेट नसतानाही तो बसवता येतो. उरलेल्या प्रती मी उडवत नाही, लपवते. लपवलेल्या नोंदी वेगळ्या बघता येतात, आणि आपल्याकडे दुसरी प्रत आहे ही माहिती टिकते. भावाने एकदा आपल्याकडे असलेलाच गेम सेलमध्ये पुन्हा विकत घेतला. तेव्हापासून सेल लागला की तो आधी मला फोन करतो, "ताई, जरा बघ ना, आपल्याकडे आहे का हा?"

एक्सबॉक्सच्या गेम पास या वर्गणीतले गेम मी वेगळे काढते. ते वर्गणी आहे तोवरचे, त्यांना 'भाड्याचे' असा टॅग. टॅग मराठीत लिहिता येतात, देवनागरीला काही अडचण येत नाही, आणि माझी सगळी टॅगांची यादी मराठीतच आहे: 'कंट्रोलर हवा', 'जुन्या लॅपटॉपवर चालतो', 'दोघांनी खेळायचा', 'तासाभरात थांबता येतो'. हा शेवटचा माझ्या सर्वांत कामाचा. दुकानं गेमची लांबी सांगतात, मोठेपणा सांगतात, पण मधे सहज उठता येतं का हे सांगत नाहीत, आणि दुसऱ्या दिवशी साडेनऊला कामावर हजर व्हायचं असलेल्या माणसाला तेवढंच हवं असतं. इन्स्टॉल केलेले, तासाभरात थांबता येणारे आणि अजून न संपवलेले, अशी अट एकदा जोडून तो फिल्टर नाव देऊन जपून ठेवता येतो. माझ्या त्या फिल्टरचं नाव 'रात्रीचे'. जेवणं, आवराआवर झाली की मी फक्त तोच उघडते. सातशेतून वीस-बावीस गेम समोर येतात, सेलेस्ट, हेडिस, असे. पाच मिनिटांत खेळायला सुरुवात झालेली असते. वाचकाचा वेळ वाचला पाहिजे असं आम्हाला पहिल्या वर्षाला शिकवतात, ते इथेही तेवढंच खरं आहे.

अजून एक गट मी मुद्दाम केलाय, भारतात बनलेले गेम. हा प्रश्न कुठलंच दुकान धड विचारत नाही, रचना करणाऱ्या कंपनीचं नाव असतं आणि ती कुठली हे आपण शोधायचं. राजी हा २०२० चा गेम पुण्याच्या नॉडिंग हेड्सचा, असुरा हा २०१७ चा हैदराबादच्या ओगर हेडचा. राजीमधल्या भिंतींवरची चित्रं बघायला मी अजूनही तो अधूनमधून लावते. वेंबा त्यात घालावा का यावर मी बराच विचार केला. तमिळ घर, इडलीचं पात्र, फाटलेली पाककृतींची वही, सगळं आपल्या ओळखीचं, पण गेम टोरांटोत बनलाय आणि गोष्टही कॅनडात राहणाऱ्या कुटुंबाची आहे. शेवटी तो त्या गटात घातला नाही. त्याच्यासाठी 'परदेशातलं आपलं घर' असा वेगळा टॅग केला. त्या टॅगमध्ये सध्या तो एकटाच आहे, आणि मला चालतं.

कपाटातल्या सीड्याही मी यादीत घेतल्या. त्या काळच्या बऱ्याच सीड्यांवर सेफडिस्कचं कुलूप होतं आणि २०१५ मध्ये आलेल्या विंडोज १० ने ते चालवणंच बंद केलं, म्हणजे सीडी शाबूत असूनही गेम सुरू होत नाही. तरी नोंद हवी. नोंद हाताने करायची, चित्र आणि माहिती आयजीडीबीवरून ओढून घ्यायची, स्रोत म्हणून 'सीडी' लिहायचं आणि टिपेत जागा. माझ्या एज ऑफ एम्पायर्स २ च्या टिपेत 'लोखंडी कपाट, वरचा कप्पा, निळी पेटी, वेष्टनाचा कोपरा फाटलेला, कोड आतल्या पुस्तिकेवर' एवढं लिहिलंय. कोड पुस्तिकेवर आहे ही गोष्ट दहा वर्षांनी कोणाच्याही लक्षात राहणार नाही, म्हणून ती लिहायची.

एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. प्लेनाइट घेतलं म्हणून बाकीची ॲपं काढून टाकता येत नाहीत. स्टीमचा गेम स्टीममार्फतच बसतो आणि बहुतेक वेळा स्टीममार्फतच चालतो, एपिक, ईए आणि युबिसॉफ्टचंही तेच. जीओजीचे गेम तेवढे थेट सुरू होतात. पण गेम बंद केल्यावर त्या दुकानाचं ॲपही बंद करायची सोय प्लेनाइटच्या सेटिंगमध्ये आहे, ती जरूर लावा. माझ्या आठ जीबी रॅमच्या मशीनवर त्याचा फरक लगेच जाणवतो. बाकीच्या ॲपांना कॉम्प्युटरबरोबर आपोआप सुरू होण्याची परवानगी मी काढून टाकली आहे.

सुट्टीत भाचा येतो तेव्हा टीव्हीला वायर जोडून फुलस्क्रीन मोड लावते. कंट्रोलरने सगळं चालतं, माउस लागत नाही. गेल्या मे महिन्यात तो बराच वेळ 'दोघांनी खेळायचा' चाळत बसला होता. मग म्हणाला, "आत्या, हे सगळं तू लिहिलंयस?" हो म्हटलं. त्याने लगेच स्वतःसाठी 'सोपा नाही' असा टॅग मागितला, आणि आता प्रत्येक सुट्टीत आम्ही तो बसून भरतो. लहान मुलांना वर्गवारी आवडते, फक्त ती त्यांना करायला दिली पाहिजे.

सुरुवात करणाऱ्यांनी एवढं करा. प्रोग्रॅम प्लेनाइटच्या स्वतःच्या साइटवरूनच घ्या. सगळी दुकानं एकदम न जोडता आधी एकच जोडा, ते नीट लावा, मग दुसरं. प्रकार आणि टॅग पहिल्या दुकानावर पक्के झाले की पुढच्यांना फार वेळ लागत नाही. आणि बॅकअप. यादी आपल्या डिस्कवर आहे याचा अर्थ डिस्क गेली तर यादीही गेली. क्रमवारीची नावं, टॅग, टिपा, हे काही कुठलं दुकान आपल्याला परत देणार नाही. मुख्य मेनूत बॅकअपची सोय आहे, एक फाइल तयार होते. ती मी दर महिन्याच्या पहिल्या रविवारी बाहेरच्या डिस्कवर टाकते, जीओजीच्या इन्स्टॉलरांच्या शेजारी.