विकतच्यासारखं

रविवार, रात्री साडेबारा

झोप येत नाहीये, म्हणून उठून बसलेय. बाकी सगळे गाढ झोपलेत. ओजू तर वाढदिवसाच्या नव्या सायकलचं हेल्मेट उशाशी घेऊन झोपलाय. ओटा आवरून झाला, भांडी झाली. फक्त काचेचा मोठा वाडगा तसाच ठेवलाय. त्याच्या कडेला अजून चॉकलेट लागलंय आणि घासायला हात होत नाहीये.

वन्सं म्हणाल्या, "अगं, अगदी विकतच्यासारखं झालंय!"

एवढंच. यात वाईट वाटण्यासारखं काय आहे? कौतुकच केलं त्यांनी. एरवी गोडाला हात न लावणाऱ्या वन्सं, दुसरा तुकडा मागून घेतला. वरचं चॉकलेट आधी चमच्याने खाल्लं, मग केक. सगळ्यांनी माना डोलावल्या. "खरंच, बाहेरून आणलाय असं वाटतंय," असंही कुणीतरी म्हणालं. मी "थँक्यू" म्हटलं आणि पाणी आणायच्या निमित्ताने आत गेले. माठापाशी नुसतीच उभी राहिले. तांब्या भरून वाहायला लागला तेव्हा भानावर आले.

काय लागलं मला त्यात, तेच कळत नाहीये.

तशी मी थकलेली होते, हे खरं. शुक्रवारपासून डोक्यात तेच होतं. मे महिन्यात पुण्यात केकवर चॉकलेट चढवायचं म्हणजे आधी उन्हाशी हिशोब करायचा. लोणी घ्या नाहीतर कोको बटर घ्या, दोन्ही ३२ ते ३५ अंशांच्या आसपास वितळतात. म्हणून तर चॉकलेट जिभेवर ठेवलं की विरघळतं. पण बाहेरच ३८-३९ असेल तर ते जिभेपर्यंत पोचायच्या आधीच विरघळतं. मागच्या वर्षी मी लोणी, पिठीसाखर आणि कोको फेटून लावलं होतं. दिसायला सुरेख झालं, पण मेणबत्त्या लावेपर्यंत एका बाजूने हळूहळू खाली आलं. ओजूने काही म्हटलं नाही. नऊ वर्षांचं पोर, पण काही म्हटलं नाही. तेच जास्त लागलं होतं.

म्हणून या वेळी गनाश. याच्याइतकं सोपं दुसरं काही नाही, अगदी मनापासून सांगते. दोनच जिन्नस, चॉकलेट आणि क्रीम. थंडीत दोन्ही समप्रमाणात घेतलं तरी चालतं, उन्हाळ्यात मात्र क्रीमच्या दुप्पट चॉकलेट हवं. मी ४०० ग्रॅम डार्क चॉकलेट आणि २०० ग्रॅम क्रीम घेतलं. खोक्यातलं साधं क्रीम, २५ टक्के स्निग्धांशाचं. हे क्रीम फेटून फुलत नाही. फुलायला ३५ टक्क्यांच्या आसपास लागतं. पण गनाशला ते फुलवायचंच नसतं, त्यामुळे बिघडत नाही. चॉकलेट बारीक चिरायचं, क्रीमला कडेने बुडबुडे आले की गॅस बंद करून त्यावर ओतायचं, दोन मिनिटं हात लावायचा नाही, मग मधोमध सुरुवात करून हळूहळू ढवळत बाहेर यायचं.

हे सगळं माहीत असूनही मी आज घाई केली. क्रीम फ्रीजमधून काढायच्या आधीच चॉकलेट वाफेवर ठेवलं. खालच्या पातेल्यातलं पाणी खळखळ उकळत होतं. वाडगा किंचित उचलला आणि त्याच्या काठाला साचलेलं पाणी ओघळून आत गेलं. थेंबभर असेल. तेवढ्याने चॉकलेट आखडलं. आत्ता आत्तापर्यंत सैल वाहणारं ते चॉकलेट बघता बघता ओल्या मातीसारखं झालं, ढेकळं ढेकळं. एवढंसं पाणी पडलं की त्यातली साखर आणि कोको ओले होऊन एकमेकांना धरून बसतात. ते सोडवायचं तर उलटंच करावं लागतं, आणखी गरम ओलावा घालावा लागतो. मला हे माहीत होतं, तरी पोटात गोळा आला. चारशे ग्रॅम चॉकलेट, घड्याळात साडेतीन, सहाला पाहुणे. आणि त्यात सकाळचा तो मिरजेहून आलेला फोन. त्याबद्दल आज लिहीत नाही.

क्रीम गरम केलं. एक चमचा घातला, ढवळलं. आणखी ढेकळं. दुसरा, तिसरा. हात भरून आला. चौथ्या-पाचव्या चमच्याला मधोमध एक छोटासा चमकदार गोल दिसला, रुपयाएवढा. तो ढवळत ढवळत मोठा करत नेला. उरलेलं क्रीम घातलं, आणि एकदम सगळं सुटलं. काळंभोर, जाड, तुकतुकीत. त्यात वरची ट्यूबलाइट दिसायला लागली. मी एकटीच होते स्वयंपाकघरात. इतकं बरं वाटलं की वाडगा उचलून कुणाला तरी दाखवावासा वाटला. शेवटी कढीपत्त्याच्या कुंडीपाशी खिडकीत नेऊन उजेडात माझी मीच बघितला.

अर्धा तास गार होऊ दिलं, मधूनमधून हलवत. बोटाने रेघ ओढली आणि ती तशीच राहिली, तेव्हा केकवर घातलं. उलथन्याने फिरवलं. कडा सपाट करायला स्टीलची पट्टी गरम पाण्यात बुडवून, पुसून, पुन्हा बुडवून, पुन्हा पुसून.

आणि मग, "अगदी विकतच्यासारखं."

खरं सांगायचं तर ते विकतच्यासारखं नव्हतंच. विकतच्या केकवर बहुतेक ठिकाणी कंपाउंड असतं. त्यात कोको बटर काढून दुसरं वनस्पती तेल घातलेलं असतं. ते उन्हात टिकतं, स्वस्त पडतं, पण टाळूला मेणासारखा थर धरतं. वरचं ते पांढरं व्हिप क्रीमही बऱ्याचदा दुधाचं नसतं, तेलाचंच असतं. माझं चॉकलेट तोंडात ठेवल्यावर मागे काही उरत नव्हतं, नुसती थोडी कडसर चव. हे मी वन्संना सांगायला हवं होतं का? कशाला, पण? वाद थोडाच होता तो!

नाही, चॉकलेटचा प्रश्न नाहीच. दिवसभर हाताने केलं आणि शेवटी त्यात माझा हातच दिसू नये, हे लागलंय. इतकं नीट केलं की मीच पुसली गेले. चुकलं असतं, घसरलं असतं, तर सगळे म्हणाले असते, "असू दे गं, घरचं आहे." नीट झालं तर ते बाहेरचं. मग घरच्याच्या वाट्याला काय येतं? फक्त चुका?

हे लिहिलं आणि रडू आलं. चॉकलेटवरून रडतेय मी, रात्री एक वाजता. पण येतंय, त्याला काय करू.

सोमवार, दुपार

सकाळी वाडगा घासला. चॉकलेट वाळून घट्ट बसलं होतं. गरम पाणी घालून ठेवला तर पाण्यावर कोकोचा वास आला, आणि त्या वासाबरोबर आई.

तिचा कोकोचा डबा वेकफिल्डचा. पुण्याचीच कंपनी ती, १९५६ सालची. तेव्हा मिरजेत आम्हाला कोको म्हटलं की तेवढाच माहीत. केक कुकरमध्ये व्हायचा. तळाला वाळू, शिट्टी आणि रिंग काढून ठेवलेली, आत हिंडालियमचं पातेलं. आणि वर लावायला घरचं लोणी. ते गार पाण्यात चार-पाच वेळा धुवायची, ताक पूर्ण निघेपर्यंत. तरी पाण्याचा अंश राहायचाच आणि फेटताना लोणी फुटायचं. पिठीसाखर मिक्सरवर केलेली. कितीही फिरवली, मलमलच्या फडक्यातून चाळली, तरी कण राहायचाच. बाजारातली आयसिंग शुगर कितीतरी बारीक असते, गुठळ्या होऊ नयेत म्हणून तिच्यात थोडं कॉर्नफ्लोअरही घातलेलं असतं. आईला ती कुठून मिळणार!

दुधाची पिशवी धुऊन ओट्याच्या फरशीवर चिकटवून वाळवायची. वाळली की आपोआप सुटून खाली पडायची. मग तिच्यात ते भरून, कोपरा कात्रीने इतकुसा कापून, केकवर फुलं काढायची. पहिली दोन-तीन फुलं यायची. मग हाताच्या उबेने लोणी पातळ व्हायचं आणि पुढची नुसती ठिपके. माझ्या प्रत्येक वाढदिवसाच्या केकवर डावीकडे फुलं आणि उजवीकडे ठिपके.

स्टेशनकडच्या बेकरीपुढे ती थांबायची. घ्यायला नाही, बघायला. पदराने घाम टिपत काचेला अगदी नाक लागेल इतकी जवळ जायची. "एकसारखं कसं काढतात गं हे? एकही फूल लहान-मोठं नाही." हे ती मला सांगत नसायची, स्वतःशीच बोलायची. घरी आल्यावर पुन्हा लोणी धुवायची.

एकदा, मी तिसरीत असेन, शेजारच्या काकूंनी केकचा घास घेतला आणि हसून म्हणाल्या, "घरचा आहे ना, लगेच कळतं." दाताखाली साखर कुरकुरली असणार. त्यांच्या मनात काही नव्हतं. त्याही आईचं कौतुकच करत होत्या. आई "हो ना," म्हणाली आणि पाणी आणायला आत गेली.

पाणी आणायला.

वाडगा हातात धरून मी बराच वेळ तशीच उभी होते. आईला ते वाक्य एकदा ऐकायला मिळालं असतं तर! "अगदी विकतच्यासारखं झालंय." पंचवीस-तीस वर्षं ती त्याच्यासाठी लोणी धूत होती. ते तिला कुणी म्हटलं नाही. मीही नाही. मला तर तो कुरकुरणारा कणच आवडायचा. पण ते तरी मी तिला कधी सांगितलं? तुपाला आपण रवाळ म्हणतो ते केवढ्या कौतुकाने. तिच्या त्या लोण्या-साखरेलाही तसं म्हणता आलं असतं.

काल ते वाक्य वन्संनी मला दिलं, आणि मी ते घेऊन रात्रभर रडत बसले.

अजूनही थोडं टोचतंय, खोटं कशाला लिहू. पण कालच्यासारखं नाही. वन्संच्या मनात काय होतं तेही आता जरा कळतंय. त्यांच्याही घरी कुकरच होता. त्यांच्या लहानपणी विकतचा केक म्हणजे काय चैन होती, ते सासूबाईंनी एकदा सांगितलं होतं. चांगल्याला चांगलं म्हणायला ज्याच्याकडे जो शब्द असेल, तोच तो वापरणार.

उरलेलं चॉकलेट फ्रीजमध्ये डब्यात होतं. घट्ट झालं होतं. दुपारी गरम पोळीवर एक चमचा फासलं, गुंडाळी केली आणि उभ्यानेच खाल्लं. छान झालंय. खरंच छान झालंय. माझं मलाच म्हणावंसं वाटलं.

संध्याकाळी

आत्ताच वन्संचा फोन येऊन गेला. गुरुवारी त्यांच्याकडे भिशी आहे. "ते वरचं चॉकलेट कसं केलंस, सांग ना. मला मेलीला बाहेरच्यासारखं जमतच नाही कधी," म्हणाल्या.

मी सगळं सांगितलं. उन्हाळ्यात दुप्पट चॉकलेट, क्रीमला कडेने बुडबुडे आले की बंद, दोन मिनिटं थांबायचं, मधोमध सुरुवात. पाण्याचा थेंब जाऊ देऊ नका आणि गेलाच तर घाबरू नका, गरम क्रीम चमच्याचमच्याने घाला, सुटतं. त्या लिहून घेत होत्या. मध्ये मध्ये "हं, पुढे," म्हणत होत्या.

मग म्हणाल्या, "क्रीमऐवजी घरची साय चालेल का गं? चार दिवसांची साठलीय."

"चालेल की. दोन-तीन चमचे दूध घालून मिक्सरला फिरवून घ्या आणि गाळा मात्र, नाहीतर रवाळ होईल."

"बरं, गाळते."

"आणि वन्सं," मी म्हटलं, "झालं रवाळ तरी काही नाही. आमच्या आईचं तसंच व्हायचं."