कुणाकडनं खेळणार?

या शनिवारी टीमच्या जर्सी धुवायची पाळी आमची होती. फ्रँकफर्टजवळच्या आमच्या छोट्या गावातल्या फुटबॉल क्लबात ही पद्धतच आहे. मॅच संपली की सगळ्यांच्या जर्सी एका मोठ्या पिशवीत कोंबायच्या आणि ज्याची पाळी त्याने ती पिशवी घरी न्यायची. पंधरा जर्सी, पंधरा चड्ड्या, मोज्यांचे गोळे. इथलं मैदान कृत्रिम गवताचं. त्यात घातलेले काळे रबराचे दाणे मोज्यांत, शिवणीत, कॉलरच्या घडीत जाऊन बसतात. मी प्रत्येक जर्सी बाल्कनीत नेऊन झटकते, तरी मशीनच्या दाराच्या रबरात मूठभर दाणे सापडतातच. मग घरातल्या दोन्ही स्टँडवर जर्सी वाळत पडतात आणि दिवसभर घरात पंधरा पोरं उभी असल्यासारखं वाटतं.

लेक बारा वर्षांचा आहे. या वयोगटात नऊ-नऊ जणांची टीम असते. तो डाव्या बाजूला खेळतो.

जर्सी वाळत घालत होते तेवढ्यात कोल्हापूरहून आबांचा व्हिडिओ कॉल आला. आबा, म्हणजे माझे वडील, दर शनिवारी नातवाच्या मॅचचा निकाल विचारतात. गोल किती, कुणी मारला, रेफ्री कसा होता, सगळं. या वेळी हे सगळं झाल्यावर त्यांनी विचारलं, "पैलवान, मोठा झाल्यावर कुणाकडनं खेळणार? जर्मनीकडनं का आपल्याकडनं?"

लेकाने माझ्याकडे बघितलं. मग म्हणाला, "आबा, मला माहीत नाही." आणि फोन माझ्या हातात देऊन आत गेला.

आबांनी प्रेमानेच विचारलं होतं, हे मला कळतं. पण पोराचा चेहरा उतरलेला मी बघितला. जेवणाच्या टेबलावर आमचा जर्मन नागरिकत्वाचा अर्ज पडलाय, गेले तीन आठवडे. त्याच्या कानावर आमचं बोलणं पडत असणारच.

त्याच्या खोलीत भिंतीवर जर्मनीच्या जमाल मुसियालाचा, त्या फुटबॉलपटूचा, फोटो आहे. आधी मला वाटायचं, इथली सगळीच पोरं त्याची फॅन आहेत, तसा हाही. नंतर कळलं की त्याची गोष्ट याला तोंडपाठ आहे, आणि ती का पाठ आहे तेही कळलं.

मुसियाला २६ फेब्रुवारी २००३ रोजी श्टुटगार्टमध्ये जन्मला. आई जर्मन, वडील नायजेरियन वंशाचे ब्रिटिश. लहानपण गेलं फुल्डाजवळ, म्हणजे आमच्याच हेसन राज्यात. पहिला क्लब लेनेर्झचा, तोही आमच्या क्लबासारखाच गावातला. २०१० मध्ये आईच्या शिक्षणासाठी घर इंग्लंडला हललं, साउदॅम्प्टनला. पोरगा सात वर्षांचा होता. तिथून लंडनच्या चेल्सी क्लबच्या अकादमीत आला आणि पुढची आठेक वर्षं तिथंच वाढला. शाळा इंग्रजी, मित्र इंग्रजी, ड्रेसिंग रूममधली थट्टामस्करीही इंग्रजीच. इंग्लंडच्या पंधरा, सोळा, सतरा वर्षांखालच्या संघांतून तो खेळला. मध्ये २०१८ मध्ये जर्मनीच्या सोळा वर्षांखालच्या संघातूनही दोन मॅच खेळून आला, आणि परत इंग्लंडकडे गेला. जूड बेलिंगहॅमशी त्याची दोस्ती जमली ती इंग्लंडच्या ज्युनियर संघातच.

२०१९ च्या उन्हाळ्यात, सोळाव्या वर्षी, तो बायर्न म्युनिकला आला. यात नशिबाचाही भाग होता. अठरा वर्षांखालच्या खेळाडूला एका देशातून दुसऱ्या देशात क्लब बदलायला फिफाची सहसा मनाई असते. युरोपियन युनियनच्या आत मात्र सोळा वर्षांनंतर सवलत मिळते, आणि ब्रिटन तेव्हा अजून युनियनमध्ये होतं. २० जून २०२० रोजी फ्रायबुर्गविरुद्ध तो बुंडेसलिगात, म्हणजे जर्मनीच्या अव्वल लीगमध्ये, पहिल्यांदा उतरला तेव्हा सतरा वर्षं आणि ११५ दिवसांचा होता. त्याच सप्टेंबरात शाल्केला ८-० हरवलं त्या मॅचमध्ये पहिला गोल.

त्याला खेळताना बघणं म्हणजे काय ते शब्दांत पकडणं अवघड आहे. पाय काटकुळे, अंग सडसडीत, बघताना वाटतं धक्का लागला तर पडेल. बॉल घेऊन तीन जणांच्या मधे जातो. तिथं जागाच नसते. मग कंबरेतून जरासा डावीकडे झुकतो, समोरचा त्या बाजूला वळतो, आणि हा बॉलला उजव्या पायाच्या टोकाने हलकेच पुढे सारतो. पळत नाही, निसटतो. आमच्याकडे लगोरीत काही पोरं असायची, हाताला लागायचीच नाहीत, तसा.

नोव्हेंबर २०२० मध्ये तो इंग्लंडच्या एकवीस वर्षांखालच्या संघातून खेळला, गोलही मारला. आणि २४ फेब्रुवारी २०२१ ला, अठराव्या वाढदिवसाच्या दोन दिवस आधी, त्याने सांगितलं की यापुढे जर्मनीकडून खेळणार. आदल्याच रात्री त्याने रोममध्ये लाझिओविरुद्ध चॅम्पियन्स लीगमधला आपला पहिला गोल मारला होता. त्या वेळी तो जे बोलला ते लेकाने मला मोबाइलवर वाचून दाखवलंय: माझं एक काळीज जर्मनीसाठी आहे, एक इंग्लंडसाठी, आणि दोन्ही धडधडत राहतील.

सतरा वर्षांचं पोर. त्याने इंग्लंडला नावं ठेवली नाहीत, जर्मनीसाठी शपथा घेतल्या नाहीत. मनाचा कौल बरेच दिवस ऐकत होतो, जिथं जन्मलो तिथूनच खेळावंसं वाटलं, एवढंच म्हणाला. महिन्याभरात, २५ मार्चला, तो आइसलँडविरुद्ध जर्मनीच्या मुख्य संघातून खेळला.

पण निर्णय घेतला म्हणून मागचं सुटतं का? २९ जून २०२१, युरो कप, लंडनचं वेम्बली स्टेडियम. इंग्लंड विरुद्ध जर्मनी. अगदी शेवटच्या मिनिटांत तो मैदानावर आला. जर्मनी २-० हरली. ज्या शहरात तो फुटबॉल शिकला, त्याच शहरात चाळीसेक हजार माणसं त्याच्या संघाच्या हरण्यावर नाचत होती आणि समोरच्या बाकावर त्याचा मित्र बेलिंगहॅम होता. पुढच्या वर्षी सप्टेंबरात पुन्हा वेम्बली. या वेळी हॅरी मॅग्वायरच्या चुकलेल्या पासवर त्याने बॉल हिसकावला, मॅग्वायरने पाडलं, पेनल्टी मिळाली. मॅच ३-३. मी दोन्ही मॅच लेकाबरोबर बसून पुन्हा बघितल्यात. मला कायम त्याचा चेहरा बघावासा वाटतो. तो शांत असतो.

आबांचा प्रश्न मला नवा नाही. माझं माहेर मंगळवार पेठेतलं. आबा पाटाकडील तालीम मंडळाचे, म्हणजे पीटीएमचे, कट्टर. आईचं माहेर शिवाजी पेठेतलं, तिचे दोन्ही भाऊ शिवाजी तरुण मंडळवाले. ज्याला कोल्हापूरचा फुटबॉल माहीत नाही त्याला यातली ठिणगी कळायची नाही. आमच्याकडे तालमीतून कुस्ती जशी आली तसाच फुटबॉलही आला. पेठ म्हणजे संघ आणि संघ म्हणजे घरची अब्रू. शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर आबा मला घेऊन बसायचे, शेंगदाण्यांची पुडी माझ्या फ्रॉकच्या ओच्यात ठेवून. पीटीएम-शिवाजी मॅच असली की आई सकाळपासून गप्प. भाकरी थापता थापता कान मात्र बाहेर. आम्ही घरी आलो की एवढंच विचारायची, "काय झालं?" आणि उत्तर काहीही आलं तरी तिच्या चेहऱ्यावर दोन गोष्टी एकदम दिसायच्या. नवरा जिंकला, भाऊ हरला. किंवा उलट. रात्री मामा जेवायला यायचेच. तांबडा-पांढरा व्हायचा. आईला कुणीच कधी म्हणालं नाही, की तू आता एक काय ते ठरव.

आबांना हे मी फोनवर सांगितलं. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "तुझ्या आईचं येगळं हुतं." काय वेगळं होतं, ते त्यांनाही सांगता आलं नाही.

वेगळेपण कागदाचं आहे. मुसियालाला निवड करायची होती ती फक्त खेळाची. कुठला पासपोर्ट टाकायचा हा प्रश्न त्याच्यासमोर आलाच नाही. फिफाचे नियमही अशा पोरांना थोडी मोकळीक देतात. ज्युनियर संघातून एका देशाकडून खेळला आणि तेव्हाच दुसऱ्या देशाचंही नागरिकत्व असलं, तर पुढे एकदा बदल करता येतो. म्हणजे पंधराव्या वर्षी घातलेली जर्सी जन्माची बेडी होत नाही. कुणीतरी विचार करून केलेला हा नियम आहे आणि त्याबद्दल मला मनापासून आदर वाटतो.

आपल्याकडे १९५५ चा नागरिकत्व कायदा दुसऱ्या देशाचं नागरिकत्व घेतलं की भारताचं संपवतो. पूर्वी जर्मनीही आधीचा पासपोर्ट सोडायला लावायची. २७ जून २०२४ पासून नव्या कायद्याने ती अट गेली. आमच्या शेजारची तुर्की बाई दोन्ही ठेवू शकते. आम्ही नाही. आम्हाला मिळेल ते ओसीआय कार्ड, म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळणारं कार्ड. त्यावर कोल्हापूरला जन्मभर व्हिसाशिवाय जाता येईल, पण मत देता येणार नाही, शेतजमीन विकत घेता येणार नाही, आणि भारताकडून फुटबॉल खेळता येणार नाही. भारतीय पासपोर्ट असेल तरच भारताची जर्सी, हे सरकारचं धोरण २००८ पासूनचं.

हे धोरण माणसाला काय करायला लावतं, ते फुटबॉलपटू इझुमी अराताकडे बघून कळतं. वडील भारतीय, आई जपानी, जन्म जपानचा. मुंबईत महिंद्रा युनायटेडकडून आणि नंतर पुणे एफसीकडून खेळला. पुण्याच्या मैदानावर त्याला बघितलेले माझे कॉलेजातले मित्र अजून त्याच्याबद्दल बोलतात. भारताकडून खेळायचं म्हणून २०१२ मध्ये त्याने जपानचं नागरिकत्व सोडलं. ज्या देशात जन्मला तिथं परदेशी झाला. २०२५ मध्ये दुसरा एक फुटबॉलपटू, रायन विल्यम्स, याने ऑस्ट्रेलियाचा पासपोर्ट सोडून भारताचा घेतला. त्याच्या आईचे वडील १९५० च्या दशकात संतोष ट्रॉफीत, म्हणजे राज्यांच्या फुटबॉल स्पर्धेत, मुंबईकडून खेळलेले. दोघांनीही हे जाणत्या वयात, खेळून-सवरून झाल्यावर केलं. तरी ते एवढं सोपं नसणार.

आमच्या लेकाच्या बाबतीत सही आमची असणार आहे. सोळा वर्षांखालच्या मुलाच्या अर्जावर आईवडील सही करतात.

अर्ज देऊन टाकू, हे नवऱ्याचं म्हणणं चूक नाही. गेल्या ईस्टरला टीम इंग्लंडला स्पर्धेसाठी गेली. अख्ख्या टीममध्ये व्हिसा लागणारा आमचा एकटाच. अर्ज आम्हीच उशिरा केला, व्हिसा वेळेत आला नाही, आणि सकाळी सहाला बस सुटताना लेक क्लबच्या फाटकाशी उभा राहून हात हलवत होता. त्याची सात नंबरची जर्सी पिशवीत तशीच गेली, तशीच परत आली. त्या खेपेला पाळी नसताना मी ती धुतली. नवरा म्हणतो, हे पुन्हा होऊ द्यायचं नाही. मीही तेच म्हणते. आणि तरी पेन उचलवत नाही.

खरं सांगू? आमचा लेक मोठा खेळाडू होईल असं आम्हाला वाटत नाही. त्याच्या प्रशिक्षकांनाही वाटत नाही. तो मनापासून खेळतो, एवढंच. भारताकडून किंवा जर्मनीकडून खेळण्याची वेळ त्याच्यावर कधीच येणार नाही, बहुतेक. पण 'मला येऊ शकली असती' हे त्याच्यापाशी राहावं असं मला वाटतं. दोन्हीकडे. त्या काटकुळ्या पोराकडे ते होतं, म्हणून सतराव्या वर्षी तो शांतपणे ऐकू शकला की आतून काय आवाज येतोय. माझ्या पोराला ऐकायला पाच वर्षं मिळावीत, एवढंच माझं मागणं आहे, आणि ते मी माझ्या देशाकडे मागते आहे. जर्मनीने ते आधीच दिलंय.

५ जुलै २०२५ ला अटलांटात पॅरिसच्या गोलकीपरशी धडक होऊन मुसियालाचा पाय मोडला, तेव्हा लेक टीव्हीसमोरून उठून गेला होता. बरोबर एक वर्ष आधी, ५ जुलै २०२४ ला, युरो कपमध्ये स्पेनविरुद्ध श्टुटगार्टला, म्हणजे त्याच्या जन्मगावीच, त्याने मारलेला बॉल स्पेनच्या कुकुरेयाच्या हाताला लागला होता आणि पेनल्टी मिळाली नव्हती. तेव्हाही आमच्या घरात रडारड झाली होती. या वेळी नुसती शांतता. मग आतून हाक आली, "आई, पाय मोडला तर नीट होतो ना?" होतो, मी म्हटलं. त्यानंतर कित्येक आठवडे तो त्याच्या बातम्या शोधत होता.

काल रात्री जर्सींच्या घड्या घालायला तो आपणहून बसला. नंबर लावून, एक ते पंधरा. सात नंबर हातात आला तेव्हा म्हणाला, "आई, आबांना सांगायचं राहिलं. त्यांना वाईट वाटलं का?"

"नाही. पण तूच सांग ना त्यांना."

"काय सांगू?"

"तुला वाटेल ते."

त्याने फोन घेतला. तिकडे मध्यरात्र उलटून गेली होती, हे त्याच्या लक्षात नव्हतं. आबांनी पहिल्याच रिंगला उचलला.