कॅमेरा ढकलायच्या आधी

"तू शूटिंगमध्ये कॅमेरा ढकलतोस, एवढंच ना?" लग्नात पंगतीला बसलो तरी हा प्रश्न, नाशिकच्या कॉलेज रोडला चहा प्यायला थांबलो तरी हाच. विचारणाऱ्याच्या मनात खोट नसते. तुम्हीही विचारलंत, म्हणून एकदा नीट सांगतो.

मी ग्रिप आहे. आपल्या त्र्यंबकेश्वरात जन्मलेल्या फाळक्यांनी १९१३ साली सिनेमा दाखवला, त्या काळी कॅमेरा बहुतेक ट्रायपॉडवर एका जागी उभा असे; ये-जा माणसं करत. पुढे कॅमेराच चालायला लागला, तेव्हा त्याला वाट करून देणारा कुणीतरी लागला. ते माझं काम. ट्रॅक, त्यावर कॅमेरा घेऊन धावणारी ट्रॉली, कॅमेरा वर-खाली नेणारा दांडा म्हणजे जिब, क्रेन सगळं आमच्याकडे. अमेरिकेत ग्रिपवाले दिव्यापुढे कटर, म्हणजे उजेड अडवणारे काळे पडदे, लावून सावलीही घडवतात; आपल्याकडे ते लाइटवाले बघतात.

ढकलणं शेवटी येतं. आधी जमीन.

ट्रॅक म्हणजे लहानसे रूळ, ८ फुटी, ४ फुटी तुकडे जोडलेले. डोळ्यांना सपाट दिसणारी जमीन पाणसळ ठेवली की कधीच सपाट निघत नाही. सगळ्यात उंच जागा शोधायची, पहिला तुकडा तिथे टेकवायचा आणि बाकीचे खालून ठोकळे, पाचरी सारून त्याच्या पातळीला उचलत न्यायचे. पाणसळ आधी रुळाच्या लांबीला लावायची, मग दोन रुळांवर आडवी. आडवी चुकली तर अख्खी चौकट कलते. माझे वडील गवंडी. बुडबुडा मधोमध थांबेपर्यंत हात काढायचा नाही, हे त्यांचं शिकवणं.

नाशिकची जमीन तर दर थोड्या अंतराला वेगळी. गोदाघाटावर दगडी पायऱ्या, अंजनेरीकडे कातळ, दिंडोरीकडे काळी माती. या काळ्या मातीनेच मला खरा धडा दिला. द्राक्षबागेत दोन ओळींमधून शॉट होता. ठिबकच्या नळ्या जपून बाजूला केल्या, पण पाचरी थेट मातीवर ठेवल्या. आदल्या दिवशी पाणी दिलेलं. पहिले दोन टेक लोण्यासारखे गेले. तिसऱ्याला ट्रॉलीच्या ये-जा करणाऱ्या वजनाने मधला सांधा बोटभर खचला आणि नेमकी नटी रडायला लागली तेव्हाच चौकट हिंदकळली. तिने पुन्हा केलं, पण तसं रडणं परत आलं नाही. चूक माझी होती. आजही ते आठवलं की घशाशी येतं. तेव्हापासून काळ्या मातीत पाचरीखाली रुंद फळी घालतो आणि प्रत्येक टेकनंतर पाणसळ पुन्हा लावतो, मागून कितीही घाई झाली तरी.

ढकलतानासुद्धा हाताइतकंच लक्ष नटावर लागतं. तो उठायच्या आधी खांदे किंचित सैल सोडतो. तिथे ट्रॉली सुटली पाहिजे, झटका न देता.

आणि क्रेन. एका टोकाला कॅमेरामन बसलेला, दुसऱ्या टोकाला लोखंडी वजनं लावून तोल साधलेला. टेक ओके झाला की माणूस आनंदात पटकन उतरायला बघतो. तो उतरला तर त्याच्याकडचं टोक उसळतं आणि वजनांचं टोक खाली येतं, खाली कुणी उभं असलं तरी. म्हणून माणूस कितीही मोठा असो, त्याच्या गुडघ्यावर हात ठेवून मी त्याला बसवून ठेवतो. दोघं दांडा धरतात, वजनं एकेक करून उतरतात, आणि मग मी म्हणतो, "साहेब, आता उतरा."